राहुल भेके

राहुल भेके (६ डिसेंबर, १९९०, मुंबई, महाराष्ट्र – ) हा भारतीय व्यावसायिक फुटबॉल खेळाडू आहे. तो बचावपटू असून राइट बॅक आणि सेंटर बॅक या दोन्ही जागी खेळतो. एअर इंडिया, मुंबई एफसी, ईस्ट बंगाल, केरळ ब्लास्टर्स, पुणे सिटी, बंगळुरू एफसी आणि मुंबई सिटी या संघांचे त्याने प्रतिनिधित्व केले असून २०१९ पासून तो भारताच्या राष्ट्रीय संघाकडून खेळतो. २०१८-१९ च्या इंडियन सुपर लीगच्या अंतिम सामन्यातील एकमेव गोल त्याने केला होता. एप्रिल २०२२ मध्ये एएफसी चॅम्पियन्स लीगच्या गटसाखळीत भारतीय क्लबाने मिळवलेल्या पहिल्या विजयातील निर्णायक गोलही त्याचाच. २०२४ मध्ये त्याच्या नेतृत्वाखाली मुंबई सिटीने इंडियन सुपर लीगचे विजेतेपद पटकावले.

बचावपटूची कारकीर्द आकड्यांत मांडणे अवघड असते. आघाडीच्या खेळाडूचे गोल मोजले जातात. बचावपटूने ऐनवेळी पाय घालून अडवलेला चेंडू दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात क्वचितच येतो. त्याची चूक मात्र हमखास येते. भेकेच्या बाबतीत एक विलक्षण गोष्ट अशी की, बचावपटू असूनही तो लोकांच्या लक्षात राहिला तो प्रामुख्याने त्याच्या गोलांमुळे, आणि एका लाल कार्डामुळे. या ठळक घटनांच्या मधली बरीच वर्षे त्याने चेंडू अडवण्याचे, परतवण्याचे आणि मैदानाबाहेर फेकण्याचे काम केले आहे.

पार्श्वभूमी: मुंबईचे फुटबॉल

भेके ज्या काळात व्यावसायिक खेळाडू झाला तो मुंबईच्या फुटबॉलसाठी पडझडीचा काळ होता. मुंबईत फुटबॉल दीर्घकाळ आस्थापनांच्या आधारावर उभे होते. बँका, रेल्वे, तेल कंपन्या, विमान कंपनी आणि कारखाने यांचे स्वतःचे संघ असत. खेळाडूला तेथे नोकरी मिळे, आणि खेळ संपल्यावरही ती नोकरी टिके. कूपरेजच्या मैदानावर या संघांच्या लढती होत. मध्यमवर्गीय घरातील मुलाने फुटबॉल खेळण्याला घरच्यांची संमती मिळायची ती पुष्कळदा या नोकरीच्या भरवशावर.

ही व्यवस्था एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दशकाअखेर मोडकळीस आली. २००५-०६ ची राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकणारा महिंद्रा युनायटेड हा मुंबईचा सर्वांत यशस्वी संघ २०१० मध्ये बंद करण्यात आला. एअर इंडियाचा संघ आय-लीगमध्ये खेळत होता, परंतु क्लब परवान्याच्या अटी पूर्ण न केल्यामुळे २०१३ मध्ये त्याला आणि ओएनजीसीला लीगबाहेर जावे लागले. परवान्यासाठी क्लबाची स्वतंत्र कायदेशीर रचना, युवा संघ आणि व्यावसायिक व्यवस्थापन आवश्यक ठरवण्यात आले होते. कंपनीच्या क्रीडा विभागाकडून चालवल्या जाणाऱ्या संघांना ते जमण्यासारखे नव्हते. आशियाई पातळीवरील हा नियम आपल्या जागी योग्यच होता, पण त्याचा फटका बसला तो मैदानावरच्या खेळाडूंना.

भेके या एअर इंडियाच्या संघातूनच पुढे आला. त्यानंतर तो मुंबई एफसीकडून खेळला. २००७ मध्ये स्थापन झालेला हा क्लब कूपरेजवर आपले सामने खेळत असे. आर्थिक ताकद कमी असूनही आय-लीगमध्ये तग धरून राहणे ही त्याची ओळख होती. माजी आंतरराष्ट्रीय खेळाडू खालिद जमील हे अनेक वर्षे त्याचे प्रशिक्षक होते. कमी खर्चाचा संघ, भक्कम बचाव आणि एका-एका गुणासाठी झगडणे हा या क्लबाचा खाक्या होता, आणि तरुण बचावपटूसाठी ती वाईट शाळा नव्हती. २०१६-१७ च्या हंगामात आय-लीगमध्ये तळाला गेल्यानंतर मुंबई एफसीही राष्ट्रीय पातळीवरून दिसेनासा झाला.

ईस्ट बंगाल (२०१४-२०१७)

२०१४ मध्ये भेके कोलकात्याच्या ईस्ट बंगाल क्लबात दाखल झाला. मुंबईत काही हजार प्रेक्षकांसमोर खेळण्याची सवय असलेल्या खेळाडूसाठी कोलकाता हे वेगळेच जग आहे. तेथे ईस्ट बंगाल आणि मोहन बागान यांच्यातील सामना हा केवळ खेळ राहत नाही. फाळणीपूर्व काळापासून चालत आलेली पूर्व बंगाल आणि पश्चिम बंगाल ही विभागणी, स्थलांतरितांचे दुःख, एवढेच काय, जेवणात हिलसा मासा की कोळंबी हा वादही त्याला चिकटलेला आहे. या सामन्यात चूक करणाऱ्या बचावपटूला शहरात तोंड लपवावे लागते, आणि गोल करणाऱ्याला लोक वर्षानुवर्षे विसरत नाहीत.

भेके दुसऱ्या वर्गात मोडला. ६ सप्टेंबर २०१५ रोजी सॉल्ट लेक स्टेडियमवर झालेल्या कलकत्ता फुटबॉल लीगच्या सामन्यात ईस्ट बंगालने मोहन बागानला ४-० असे हरवले. दक्षिण कोरियाच्या दो डाँग-ह्यूनने दोन, तर मोहम्मद रफीक आणि भेके यांनी प्रत्येकी एक गोल केला. ईस्ट बंगालने त्या काळात ही लीग २०१० ते २०१७ अशी सलग आठ वर्षे जिंकली. राष्ट्रीय पातळीवरील आय-लीगने मात्र क्लबाला हुलकावणी दिली. भेके संघात असताना हे विजेतेपद मोहन बागान, बंगळुरू आणि शेवटी मिझोरामच्या ऐझॉल एफसीकडे गेले.

केरळ आणि पुणे

२०१४ मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाली, तेव्हा ती आय-लीगपासून वेगळ्या महिन्यांत खेळवली जाई. त्यामुळे आय-लीग क्लबाशी करारबद्ध असलेला खेळाडू वर्षाअखेरचे काही महिने सुपर लीगमधील दुसऱ्या संघाकडून खेळू शकत असे. भारतीय फुटबॉलमधील हा विचित्र मधला टप्पा २०१७ पर्यंत चालला. एकाच वर्षात दोन शहरे, दोन प्रशिक्षक आणि दोन खेळपद्धती सांभाळण्याची कसरत त्या पिढीतील बहुतेक खेळाडूंनी केली.

भेके २०१५ च्या हंगामात केरळ ब्लास्टर्सकडून खेळला. संघाची कामगिरी निराशाजनक होती. इंग्लंडचे प्रशिक्षक पीटर टेलर यांना हंगामाच्या मध्यावर पद सोडावे लागले आणि केरळ गुणतक्त्यात अखेरच्या स्थानी राहिला. तरीही भेकेचे नाव देशभर झाले ते येथेच. राइट बॅक म्हणून त्याचा खेळ भरवशाचा होता, आणि त्याच्या हातात एक हत्यार होते: लांब थ्रो-इन. कोचीच्या जवाहरलाल नेहरू स्टेडियममध्ये बाजूच्या रेषेवर भेके टॉवेलने चेंडू पुसू लागला की प्रेक्षकांचा आवाज चढत असे.

या हत्यारामागे नियमांचा आधार आहे. फुटबॉलच्या अकराव्या नियमानुसार थ्रो-इनवर थेट ऑफसाइड लागू होत नाही. म्हणजेच फेकणाऱ्याचा संघ प्रतिस्पर्ध्यांच्या गोलसमोर हवे तितके खेळाडू उभे करू शकतो. थ्रो-इनवरून चेंडू थेट गोलमध्ये गेला तर तो ग्राह्य धरला जात नाही. कोणाचा तरी स्पर्श व्हावा लागतो. त्यामुळे गोलक्षेत्रात पोहोचणारा लांब थ्रो हा जवळपास कॉर्नरइतकाच धोकादायक ठरतो. चेंडू हाताने फेकला जात असल्याने त्याचा वेग किकपेक्षा कमी असतो, आणि गोलरक्षकाला तो पुढे येऊन पकडण्याचा मोह होतो. अनेकदा त्यातूनच घोटाळा होतो.

२०१६ मध्ये भेके पुणे सिटीकडून खेळला. अँटोनियो हबास हे स्पॅनिश प्रशिक्षक तेव्हा संघाचे सूत्रधार होते. पुण्याला पहिल्या चार संघांत स्थान मिळाले नाही. बालेवाडीच्या श्री शिवछत्रपती क्रीडा संकुलात खेळणारा हा क्लब २०१९ मध्ये विसर्जित झाला. एअर इंडिया आणि मुंबई एफसी यांच्यापाठोपाठ भेकेने ज्यांचा गणवेश घातला असा महाराष्ट्रातील हा तिसरा संघ राष्ट्रीय नकाशावरून पुसला गेला.

बंगळुरू एफसी (२०१७-२०२१)

२०१७ मध्ये बंगळुरू एफसी आय-लीग सोडून इंडियन सुपर लीगमध्ये आला, आणि त्याच वेळी भेके या क्लबात दाखल झाला. २०१३ मध्ये स्थापन झालेल्या बंगळुरूने पहिल्या चार वर्षांत दोनदा आय-लीग जिंकली होती आणि २०१६ मध्ये एएफसी चषकाची अंतिम फेरी गाठली होती. वेळेवर वेतन, चांगले सराव मैदान आणि शिस्तबद्ध व्यवस्थापन या गोष्टी भारतीय फुटबॉलमध्ये सर्वत्र गृहीत धरता येत नाहीत. बंगळुरूत त्या होत्या. भेकेच्या कारकिर्दीतील सर्वांत स्थिर चार वर्षे येथे गेली.

पहिल्या हंगामात आल्बर्ट रोका यांच्या मार्गदर्शनाखाली संघ साखळीत अव्वल ठरला. पण १७ मार्च २०१८ रोजी स्वतःच्याच श्री कंठीरवा स्टेडियमवर झालेल्या अंतिम सामन्यात चेन्नईयिनकडून २-३ असा पराभव पत्करावा लागला. चेन्नईयिनच्या मैल्सन आल्व्हेसने, म्हणजे एका बचावपटूनेच, कॉर्नरवर हेडर मारून दोन गोल केले. बंगळुरूच्या बचावफळीला हा पराभव बोचणारा होता.

महिनाभरातच काही अंशी त्याची भरपाई झाली. २० एप्रिल २०१८ रोजी भुवनेश्वरच्या कलिंग स्टेडियमवर पहिल्या सुपर चषकाचा अंतिम सामना बंगळुरू आणि ईस्ट बंगाल यांच्यात झाला. अन्सुमाना क्रोमाहच्या गोलमुळे ईस्ट बंगाल पुढे होता. मध्यंतरापूर्वी, ३९ व्या मिनिटाला, भेकेने आपल्या जुन्या क्लबाविरुद्ध बरोबरीचा गोल केला. पुढे सुनील छेत्रीचे दोन आणि मिकूचा एक अशा गोलांमुळे बंगळुरूने सामना ४-१ असा जिंकला.

२०१९ चा अंतिम सामना

२०१८-१९ च्या हंगामात कार्ल्स क्वाद्रात यांनी प्रशिक्षकपद स्वीकारले. साखळीत बंगळुरू आणि एफसी गोवा यांचे समान ३४ गुण झाले, आणि या दोघांतच अंतिम सामना ठरला. दिवस होता १७ मार्च २०१९, चेन्नईयिनविरुद्धच्या पराभवाला बरोबर एक वर्ष पूर्ण झाल्याचा. ठिकाण होते अंधेरीचे शहाजी राजे क्रीडा संकुल, म्हणजेच मुंबई फुटबॉल अरीना. भेकेसाठी हे त्याचे स्वतःचे शहर होते, पण तो बाहेरच्या संघाचा खेळाडू म्हणून तेथे उतरला होता.

सर्जिओ लोबेरा यांचा गोव्याचा संघ त्या काळात लीगमधील सर्वांत आक्रमक मानला जाई. फेरान कोरोमिनास ऊर्फ कोरोने त्या हंगामात १६ गोल केले होते. निर्धारित ९० मिनिटांत कोणालाही गोल करता आला नाही. जादा वेळेच्या पहिल्या सत्राअखेर गोव्याच्या अहमद जाहूला लाल कार्ड मिळाले आणि गोव्याकडे दहाच खेळाडू उरले. सामना पेनल्टी शूटआउटकडे झुकतो आहे असे वाटत असतानाच, ११७ व्या मिनिटाला बंगळुरूला कॉर्नर मिळाला. दिमास देल्गादोने मारलेल्या चेंडूवर भेकेने हेडर मारला आणि चेंडू गोलच्या चौकटीला लागून आत गेला. बंगळुरूने सामना १-० असा जिंकला. क्लबाचे हे पहिलेच सुपर लीग विजेतेपद होते.

एका वर्षापूर्वी बंगळुरू हरला होता तो कॉर्नरवर बचावपटूने केलेल्या गोलांमुळे; जिंकला तोही तसाच. भारतीय फुटबॉलमध्ये अंतिम सामन्यांचा निकाल सहसा परदेशी आघाडीपटूंच्या पायांवर ठरत आला आहे. मुंबईच्या आस्थापनांच्या फुटबॉलमधून आलेल्या एका राइट बॅकने तो ठरवावा, यामुळे या गोलाला वेगळे महत्त्व आहे.

पुढची दोन वर्षे उताराची होती. २०१९-२० मध्ये उपांत्य फेरीत एटीकेने बंगळुरूला दोन सामन्यांच्या बेरजेत मागे टाकले. कोविडच्या साथीमुळे गोव्यातच बंदिस्त व्यवस्थेत खेळवण्यात आलेल्या २०२०-२१ च्या हंगामात संघ सातव्या स्थानी घसरला, आणि क्वाद्रात यांना पद सोडावे लागले.

मुंबई सिटी (२०२१-२०२४)

२०२१ मध्ये भेके मुंबईला परतला. मुंबई सिटी हा सुपर लीगच्या प्रारंभापासूनचा क्लब असून २०१९ ते २०२५ या काळात मँचेस्टर सिटीची मालकी असलेल्या सिटी फुटबॉल ग्रुपचा त्यात मोठा वाटा होता. २०२०-२१ मध्ये लोबेरा यांच्या मार्गदर्शनाखाली क्लबाने साखळीतील अव्वल स्थान आणि विजेतेपद ही दोन्ही मिळवली होती. त्या अव्वल स्थानामुळे मुंबई सिटीला २०२२ च्या एएफसी चॅम्पियन्स लीगच्या गटसाखळीत प्रवेश मिळाला.

भेकेच्या पहिल्या हंगामात देशांतर्गत कामगिरी बेताची झाली. डेस बकिंगहॅम यांचा संघ पाचवा आला. त्यामुळे एप्रिल २०२२ मध्ये रियाधला गेलेल्या मुंबईकडून फारशी अपेक्षा नव्हती. सौदी अरेबियाच्या अल-शबाबने पहिल्याच सामन्यात मुंबईला ३-० असे हरवले. त्याआधी, २०२१ मध्ये, एफसी गोवाने या स्पर्धेची गटसाखळी गाठली होती. तसे करणारा तो पहिला भारतीय क्लब होता. त्याने बरोबरीचे सामने खेळले, पण त्याला एकही विजय मिळाला नव्हता.

११ एप्रिल २०२२ रोजी मुंबईचा सामना इराकच्या अल-कुवा अल-जाविया, म्हणजे हवाई दलाच्या क्लबाशी होता. हा क्लब एएफसी चषक सलग तीनदा जिंकलेला, अनुभवी संघ. त्यातल्या पहिल्या विजेतेपदासाठी त्याने २०१६ च्या अंतिम सामन्यात बंगळुरूलाच हरवले होते. उत्तरार्धात हम्मादी अहमदने इराकी संघाला आघाडी मिळवून दिली. ७० व्या मिनिटाला दिएगो मॉरिसिओने पेनल्टीवर बरोबरी साधली. पाचच मिनिटांनी मुंबईला कॉर्नर मिळाला आणि भेकेने हेडर मारून चेंडू जाळ्यात धाडला. कॉर्नर मारणारा होता अहमद जाहू, तोच जो तीन वर्षांपूर्वी अंधेरीत गोव्याकडून खेळताना लाल कार्ड घेऊन बाहेर गेला होता.

मुंबईने सामना २-१ असा जिंकला. पुढे त्याच संघाविरुद्धचा दुसरा सामनाही १-० असा जिंकून मुंबईने सात गुणांसह गटात दुसरे स्थान मिळवले. अल-शबाबकडून झालेला ०-६ हा पराभवही याच स्पर्धेतला, हे विसरता येत नाही. आशियातील बलाढ्य क्लब आणि भारतीय क्लब यांच्यातील अंतर त्यातून स्पष्ट झाले.

त्यानंतरच्या हंगामात भेकेच्या वाट्याला एक चमत्कारिक योगायोग आला. सप्टेंबर २०२२ मध्ये ड्युरँड चषकाच्या अंतिम सामन्यात मुंबई सिटीला १-२ असे हरवले ते बंगळुरूने. मार्च २०२३ मध्ये सुपर लीगच्या उपांत्य फेरीत पेनल्टी शूटआउटमध्ये ८-९ असे हरवले तेही बंगळुरूने. दरम्यान साखळीत मात्र मुंबईने पहिले १८ सामने अपराजित राहत ४६ गुणांसह अव्वल स्थान आणि लीग शिल्ड मिळवली होती.

२०२३-२४ च्या चॅम्पियन्स लीगमध्ये मुंबईने आपले बहुतेक यजमान सामने पुण्यात बालेवाडीला खेळले. सौदी अरेबियाच्या अल-हिलालविरुद्धचा सामना नवी मुंबईतील डी. वाय. पाटील स्टेडियमवर झाला. सहाही सामन्यांत संघाचा पराभव झाला. नोव्हेंबरमध्ये बकिंगहॅम इंग्लंडला परतले आणि पेत्र क्रात्की नवे प्रशिक्षक झाले. लीग शिल्डसाठीच्या अखेरच्या लढतीत एप्रिल २०२४ मध्ये मोहन बागानने मुंबईवर २-१ अशी मात केली. तीनच आठवड्यांनी, ४ मे २०२४ रोजी, त्याच सॉल्ट लेक स्टेडियमवर हेच दोन संघ अंतिम सामन्यात पुन्हा भेटले. मोहन बागानने मध्यंतराच्या तोंडावर आघाडी घेतली. उत्तरार्धात होर्हे परेरा दियाझ, बिपिन सिंग आणि याकुब व्होयतुश यांच्या गोलांमुळे मुंबईने सामना ३-१ असा जिंकला. कर्णधार म्हणून विजेतेपदाचा चषक भेकेने स्वीकारला. ज्या मैदानावर त्याने नऊ वर्षांपूर्वी ईस्ट बंगालकडून मोहन बागानविरुद्ध गोल केला होता, तेच हे मैदान.

बंगळुरूकडे पुनरागमन

विजेतेपदानंतर भेके पुन्हा बंगळुरू एफसीमध्ये गेला. २०२४-२५ च्या हंगामात जेरार्ड झारागोझा यांच्या संघाने साखळीत तिसरे स्थान मिळवले. २९ मार्च २०२५ रोजी बाद फेरीत बंगळुरूने मुंबई सिटीला ५-० असे हरवले. उपांत्य फेरीत गोव्याला मागे टाकून संघ अंतिम सामन्यात पोहोचला. तेथे १२ एप्रिल २०२५ रोजी मोहन बागानने जादा वेळेत २-१ असा विजय मिळवला.

आंतरराष्ट्रीय कारकीर्द

भेकेची आंतरराष्ट्रीय कारकीर्द उशिरा सुरू झाली. तो मुंबईत खेळत होता त्या काळात, २०१२ ते २०१४ दरम्यान, भारताचे प्रशिक्षक नेदरलँड्सचे विम कोव्हरमन्स होते. स्वतः बचावपटू असलेले कोव्हरमन्स १९८८ ची युरोपीय अजिंक्यपद स्पर्धा जिंकणाऱ्या डच संघाचे सदस्य होते. त्यांच्या आणि नंतर स्टीफन कॉन्स्टंटाइन यांच्या कार्यकाळात भेकेला पदार्पणाची संधी मिळाली नाही. ती दिली इगोर श्तिमाच यांनी. १९९८ च्या विश्वचषकात तिसऱ्या आलेल्या क्रोएशियाच्या बचावफळीत खेळलेल्या श्तिमाच यांनी मे २०१९ मध्ये सूत्रे स्वीकारली, आणि ५ जून २०१९ रोजी थायलंडमधील किंग्ज चषकात कुरासाओविरुद्ध भेकेने पदार्पण केले. त्याचे वय तेव्हा २८ वर्षे होते. भारत १-३ असा हरला.

१० सप्टेंबर २०१९ रोजी दोहा येथे विश्वचषक पात्रता फेरीत भारताची गाठ कतारशी पडली. कतार तेव्हा आशियाई विजेता होता आणि २०२२ च्या विश्वचषकाचा यजमान. आजारपणामुळे छेत्री खेळू शकला नव्हता. भेके, आदिल खान, संदेश झिंगन आणि मंदार राव देसाई अशी बचावफळी आणि तिच्यामागे कर्णधार गुरप्रीत सिंग संधू यांनी कतारचे दोन डझनांहून अधिक प्रयत्न परतवले. सामना गोलशून्य बरोबरीत सुटला. अलीकडच्या भारतीय फुटबॉलमधील सर्वांत मोलाच्या निकालांत त्याची गणना होते. अंधेरीतील अंतिम सामन्यात एकमेकांविरुद्ध खेळलेले भेके आणि गोव्याचा देसाई येथे एकाच फळीच्या दोन टोकांना होते.

याच शहरात, याच प्रतिस्पर्ध्याविरुद्ध, भेकेच्या कारकिर्दीतील सर्वांत कटू प्रसंग घडला. ३ जून २०२१ रोजीच्या परतीच्या सामन्यात त्याला सुरुवातीलाच पिवळे कार्ड मिळाले आणि १७ व्या मिनिटाला चेंडू हाताला लागल्याबद्दल दुसरे. उरलेली ७० हून अधिक मिनिटे भारताला दहा खेळाडूंनिशी बचाव करावा लागला. ३३ व्या मिनिटाला अब्दुल अझीझ हातेमने केलेल्या गोलमुळे भारत हरला, पण फरक तेवढाच राहिला. त्याचे श्रेय मुख्यतः संधूच्या गोलरक्षणाला जाते. निलंबनामुळे भेके बांगलादेशविरुद्धच्या पुढच्या सामन्याला मुकला. त्यानंतर रोशन सिंग, अन्वर अली, आकाश मिश्रा या तरुण बचावपटूंभोवती श्तिमाच यांनी नवी फळी उभारली. तिशी ओलांडलेल्या भेकेचे दिवस संपले असे वाटण्यासारखी ती परिस्थिती होती.

तो परतला तो सेंटर बॅक म्हणून. जुलै २०२३ मध्ये बंगळुरू येथे सॅफ अजिंक्यपद जिंकणाऱ्या संघात तो होता. १६ नोव्हेंबर २०२३ रोजी कुवेतमध्ये विश्वचषक पात्रता फेरीत भारताने १-० असा विजय मिळवला, तेव्हा झिंगनच्या जोडीला भेके होता. जानेवारी २०२४ मध्ये कतारमधील आशियाई चषकातही हीच जोडी होती. ऑस्ट्रेलिया, उझबेकिस्तान आणि सीरिया यांच्याविरुद्ध भारत तिन्ही सामने हरला आणि एकही गोल करू शकला नाही. सीरियाविरुद्ध जखमी झालेला झिंगन नोव्हेंबरपर्यंत बाहेर राहिला, आणि बचावाचा भार भेके व अन्वर अली यांच्यावर आला. ६ जून २०२४ रोजी कोलकात्यात कुवेतविरुद्ध झालेल्या सामन्यात, जो छेत्रीचा तेव्हा जाहीर झालेला निरोपाचा सामना होता, बचावफळीत भेकेसोबत मुंबईत जन्मलेला निखिल पुजारी आणि पुण्याचा जय गुप्ता होते. महाराष्ट्राशी नाते असलेले तीन बचावपटू भारताच्या फळीत एकत्र दिसणे ही नेहमीची गोष्ट नाही. सामना ०-० असा सुटला.

२०२४ या वर्षात भारताला एकही सामना जिंकता आला नाही. मानोलो मार्केझ यांच्या मार्गदर्शनाखाली १८ नोव्हेंबर २०२४ रोजी हैदराबाद येथे मलेशियाविरुद्ध पिछाडीवर असताना ब्रँडन फर्नांडिसच्या कॉर्नरवर भेकेने हेडर मारून बरोबरी साधली. १९ मार्च २०२५ रोजी शिलाँग येथे मालदीवविरुद्ध पुन्हा कॉर्नर, पुन्हा हेडर. भेकेच्या या पहिल्या गोलनंतर लिस्टन कोलासो आणि निवृत्ती मागे घेतलेल्या छेत्रीने गोल केले, आणि कुवेतमधील विजयानंतर ४८९ दिवसांनी भारताने सामना जिंकला.

ऑगस्ट २०२५ मध्ये खालिद जमील भारताचे प्रशिक्षक झाले. त्यांच्या पहिल्याच स्पर्धेत, ताजिकिस्तानमधील काफा नेशन्स चषकात, ८ सप्टेंबर २०२५ रोजी तिसऱ्या क्रमांकासाठी भारताचा सामना ओमानशी झाला. १-१ अशा बरोबरीनंतर शूटआउटमध्ये लालियानझुआला छांगटे, भेके आणि जितीन एम. एस. यांनी आपल्या पेनल्टी गोलमध्ये धाडल्या आणि भारताने ३-२ असा विजय मिळवला. त्यानंतरच्या महिन्यांत मात्र २०२७ च्या आशियाई चषकासाठी पात्र ठरण्यात भारत अपयशी ठरला.

खेळण्याची शैली

भेके फार वेगवान राइट बॅक कधीच नव्हता. आधुनिक राइट बॅककडून अपेक्षित असलेली, बाजूच्या रेषेने सतत पुढे धावून क्रॉस देण्याची पद्धत त्याने मर्यादेत वापरली. त्याचे बळ चेंडू कोठे पडणार याच्या अंदाजात, हवेतील चेंडूवरच्या पकडीत आणि आक्रमकाला बाहेरच्या दिशेला ढकलण्यात आहे. त्यामुळे वय वाढल्यावर मध्यभागी सरकणे त्याला सोपे गेले. वेग कमी झालेल्या अनेक राइट बॅकना हे साधत नाही, कारण मध्यभागी चूक झाल्यास मागे फक्त गोलरक्षक असतो. कॉर्नरच्या वेळी तो बहुधा गर्दीच्या मागून, उशिरा धाव घेऊन चेंडूवर येतो. अंधेरी, रियाध, हैदराबाद आणि शिलाँग येथील त्याचे चारही गोल कॉर्नरवर, डोक्याने झालेले आहेत.

विजेतेपदे

बंगळुरूसोबत सुपर चषक (२०१८) आणि इंडियन सुपर लीग (२०१८-१९), मुंबई सिटीसोबत लीग शिल्ड (२०२२-२३) आणि इंडियन सुपर लीग (२०२३-२४, कर्णधार), तसेच भारतासोबत सॅफ अजिंक्यपद (२०२३) ही भेकेची प्रमुख विजेतेपदे आहेत. यांशिवाय सुपर लीगच्या दोन अंतिम सामन्यांत, २०१७-१८ आणि २०२४-२५ मध्ये, त्याचा संघ उपविजेता ठरला. दोन्ही वेळा तो संघ बंगळुरूच होता.